शेजारी तू बसायचंस

प्रिय ओदिलिया,

पोटातली गाठ आहे तिथेच आहे, दुखतंही. पण काल मक्याच्या पिठाचे दोन तमाल उकडून खाल्ले, तेव्हा जीव टांगणीला लावू नकोस. तुझ्या दवाखान्यात येऊन ते औषध घेणार का, असं विचारलंस. दुकानातल्या फोनवर सगळं गाव कान लावून ऐकतं, म्हणून लिहिते.

परवा मेक्सिको सिटीहून एक तरुण डोंगर चढून आला. पेरू मागावेत तशी त्यानं दृष्टान्त दाखवणारी आपली पवित्र अळंबी मागितली. घरात कुणाचं डोकं फिरलंय का, हे मी नेहमीसारखं आधी विचारलं. थोरल्या भावाला आवाज ऐकू येतात म्हणाला, अधूनमधून त्याला स्वतःलाही. मी साफ नाही म्हटलं, तर हुज्जत घालायला लागला.

"आजी, रानात फुकट तर उगवतात."

"रानात उगवतात रे बाळा. तुझ्या डोक्यात उगवली तर उपटायला मी येऊ का?"

मग त्याला घेवडा आणि मक्याची रोटी खाऊ घातली आणि बसमध्ये बसवून दिलं. जाताना हसला बिचारा.

तुझ्या डॉक्टरांनीही फोनवर मला हेच विचारलं. घरात वेड आहे का, हृदय कसं आहे, गोळ्या कोणत्या चालू आहेत. माणूस आवडला मला. अळंब्यांतलं सत्त्व गोळीत भरून ते मरणाच्या भीतीनं खचलेल्यांना देऊन बघतात म्हणे. बऱ्याच जणांना हलकं वाटतं, सगळ्यांना नाही, हेही त्यांनी लपवलं नाही. हसू आलं ते एकाच गोष्टीचं. गोळी रोग्यानं खायची आणि डॉक्टर नुसते शेजारी बसणार! आपल्यात देणारीनंही सोबत खायचं असतं, नाहीतर रोगी कुठे भरकटलाय हे तिला कळायचं कसं? तुझे वडील सगळ्यांना सांगायचे, गावातल्या प्रत्येकाचं भय माझ्या बायकोनं चाखलंय.

माझ्यासोबत खाणारं मात्र आता गावात कुणी उरलं नाही. तुला शिकवायला घेतलं, तर तू डोंगर उतरून नर्स झालीस. तेव्हा रुसले होते. आता येणाऱ्याजाणाऱ्याला तुझंच कौतुक सांगते.

मरणाचं मला काही वाटत नाही, असंही सांगत असते. ते खोटं आहे, पोरी. फार भीती वाटते, आणि दुसऱ्यांची काढली तशी स्वतःची काढता येत नाही. म्हणून मी येते. गोळी डॉक्टरांची घेईन, पण शेजारी तू बसायचंस. तू खाऊ नकोस, नोकरी जाईल. नुसता हात धर. मी कुठे भरकटलेय ते तुला कळणार नाही, पण तू कुठे आहेस ते मला कळेल.

तुझीच,
आई