नागूबाईच्या काळ्या तिखटाची बरणी

दि. १८ ऑगस्ट २०२५

प्रति,
मा. प्रकल्प अधिकारी,
जिल्हा मसाला व चवपदार्थ निर्यात प्रोत्साहन कक्ष,
सोलापूर.

अर्जदार: धोंडिराम केरबा सरवदे, वय ६७, सेवानिवृत्त चावीवाला (पाणीपुरवठा), रा. बुधवार पेठ, सोलापूर.

विषय: नमुना क्र. ११४, म्हणजे माझी मयत पत्नी नागूबाई हिने केलेल्या काळ्या तिखटाची बरणी, नष्ट न करता मला परत देणेबाबत.

संदर्भ: १) 'घरची चव, जगाचे ताट' या योजनेत माझ्या सुनेने भरलेला फॉर्म, दि. ३ मार्च २०२५.
२) आपली चार पत्रे, दि. २८ मार्च, १२ जून, ३० जून व ८ ऑगस्ट २०२५.

महोदय,

जयभीम.

१. मी पाणीपुरवठ्यात बत्तीस वर्षे चावीवाला होतो. चावी फिरवली की एका गल्लीत पाणी आणि दुसऱ्या गल्लीतून शिव्या, असे ते काम. त्यामुळे सरकारी कागदाची मला भीती वाटत नाही आणि खोटे कशाला बोलू, फार आदरही वाटत नाही. तरी हा अर्ज रीतसर करत आहे, कारण माझी वस्तू आपल्या कपाटात आहे आणि कपाटाची चावी आपल्याकडे आहे.

२. माझी पत्नी नागूबाई दि. १९ नोव्हेंबर २०२४ रोजी सकाळी वारली. चुलीवर, म्हणजे गॅसवर, दूध ठेवले होते. तिने मला हाक मारली. मी पेपर वाचत होतो, ती बातमी संपवून उठलो. तोपर्यंत दूध उतू गेले होते आणि ती ओट्याला टेकून खाली बसली होती. यावर जास्त लिहीत नाही. तो आपल्या कक्षाचा विषय नाही.

३. दर एप्रिलमध्ये ती वर्षाचे काळे तिखट करायची. रीत तिच्या केम गावच्या माहेरची. मिरची, धणे, खोबरे, तीळ, मेथी, दगडफूल, सगळे वेगवेगळे तेलावर भाजायचे, डंकावर स्वतः उभे राहून कुटून आणायचे, चिनी मातीच्या बरणीत दाबून भरायचे आणि वर हिंगाचा एक खडा ठेवायचा. खड्याने मसाल्यात किडे होत नाहीत. बरणीच्या तोंडाला फडके बांधायचे. ते फडके माझ्या खाकी गणवेशाचे. ती गेली तेव्हा बरणी अर्ध्याला आली होती. मी आठवड्यातून एक चमचा काढायचो, रविवारी. हिशेबाने ती पुढच्या वर्षापर्यंत पुरली असती.

४. ३ मार्चला मी बीपीच्या गोळ्या आणायला गेलो असताना माझी सून साक्षी हिने आपला फॉर्म भरला. फॉर्ममध्ये 'नमुना मूळ भांड्यासह सादर करावा' असे होते. तिने फडके सोडून घरी ठेवले आणि बरणी पिशवीत घालून आपल्याकडे नेऊन दिली. तिचा हेतू वाईट नव्हता. मी विचारले तर म्हणाली, "मामा, आईंचं तिखट अमेरिकेला जाईल की!" मी म्हणालो, "ती अक्कलकोटलाबी कधी मुक्कामी राहिली न्हाय." त्यावर साक्षी रडली, म्हणून मी विषय सोडला. आपल्या पावतीवर नमुन्याचे वजन ६४० ग्रॅम लिहिले आहे. हा आकडा कृपया लक्षात ठेवावा, पुढे लागणार आहे.

५. २४ मार्चला नोंदणीसाठी उत्पादकाने स्वतः हजर राहायचे होते. मी मृत्यूचा दाखला घेऊन हजर राहिलो. आपले कर्मचारी शिवानंद यांनी दाखला बघितला, हळहळले, आणि म्हणाले, "काका, कॉम्प्युटरमध्ये दोनच खाने हायेत. उपस्थित आणि अनुपस्थित. मयत न्हाय." त्यांनी अनुपस्थित केले. चार दिवसांनी नागूबाईच्या नावे आपले पत्र आले की, विनापरवानगी गैरहजर राहिल्याबद्दल सात दिवसांत खुलासा करावा. मी खुलासा केला की, सदर बाई सदतीस वर्षांत एकदाही न सांगता कुठे गेलेली नाही, ही पहिलीच वेळ आहे, तरी माफी असावी. तो खुलासा आपण मान्य केल्याचा शिक्का माझ्याकडे आहे.

६. बरणी परत मागितली तर शिवानंद म्हणाले की, फाइल पूर्ण झाली की नमुना परत मिळतो. फाइल पूर्ण व्हायला 'जागतिक मसाला बाजार व बदलते कल' ही दोन दिवसांची कार्यशाळा करावी लागते. म्हणून एप्रिलमध्ये मी चाळीस बायकांमध्ये बसून ती केली. माझ्या छातीवर 'श्रीमती नागूबाई सरवदे, उद्योजिका' असा बिल्ला होता. जेवणाच्या रांगेत दोघी-तिघींनी मला वहिनी म्हणून पुढे जाऊ दिले.

तिथे मी जे शिकलो ते असे. जगात मसाल्याची मागणी वाढत आहे. पडद्यावर एक रेघ वर जात होती, ती कुठे थांबते ते शेवटपर्यंत कळले नाही. परदेशी गिऱ्हाइकाला झणझणीत हवे असते, पण तोंड भाजायला नको असते. त्याला तिखटात गोड हवे असते. त्याला मसाला कुठल्या शेतातून आला ते पाकिटावरची चौकट मोबाइलला दाखवून बघायचे असते. त्याला स्वयंपाक करायला वेळ नसतो, पण मक्याच्या लाह्यांवर शिंपडायला वेळ असतो. आणि हल्ली त्याला नुसता मसाला नको, त्यामागची गोष्ट हवी असते. शिकवणाऱ्या बाईंनी सगळ्यांना आपापली गोष्ट पन्नास शब्दांत लिहायला सांगितली. मी लिहिले: 'नागूबाई मसाला करायची. आता नाही.' बाईंनी ते मोठ्याने वाचले. मग त्या म्हणाल्या, "काका, हे युरोपात खूप चालेल." मी विचारले, कोण चालेल? त्यांनी पुढचा कागद घेतला.

७. १२ जूनच्या पत्रात आपला तपासणी अहवाल आला. त्यावर माझे म्हणणे:

(अ) 'नमुन्यात दगडसदृश परकीय वस्तू आढळली, वजन ९ ग्रॅम.' ती वस्तू हिंग आहे. वर ठेवलेली आहे, चुकून पडलेली नाही. आपल्या प्रयोगशाळेत एकाही माणसाला आई नसावी, याचे वाईट वाटते.

(आ) 'काळा रंग ग्राहकास जळका वाटू शकतो, विटकरी करावा.' मग ते काळे तिखट राहत नाही.

(इ) 'दगडफूल हे नाव आकर्षक नाही.' नागूबाई हे नावही तिला स्वतःला आवडत नव्हते. तिने बदलले नाही.

(ई) 'तिखटपणा साठ टक्क्यांनी कमी करावा.' हे मी करू शकत नाही. तिच्या हयातीतही मला जमले नाही.

(उ) नमुन्याचे वजन: ५१५ ग्रॅम. मसाला सुकतो हे मान्य. बंद कपाटात इतका सुकत नाही.

८. ३० जूनच्या पत्रात आपण शेवटची त्रुटी काढली की, कृतीतील प्रमाण 'मूठ' असे आहे, ते ग्रॅममध्ये द्यावे, म्हणजे फाइल पूर्ण होईल. साक्षीने नागूबाईच्या तोंडून ऐकलेले लिहून दिले होते: धणे बारा मुठी, खोबरे पाच, तीळ तीन. पण मूठ कुणाची? माझी भरली तर धणे दुप्पट पडतात. तेव्हा मी नागूबाईच्या ट्रंकेतून तिच्या सणाच्या बांगड्या काढल्या आणि मधल्या मारुतीजवळच्या बांगडीवाल्याकडे गेलो. त्याने माप सांगितले: सव्वादोन, लहान हात. त्याने विचारले, "काका, कुणासाठी घ्यायच्यात?" मी म्हणालो, सरकारसाठी. त्याने बांगड्या दोनदा पुसून दिल्या.

आता सव्वादोनच्या हाताची बाई शोधायची होती. साक्षीच्या बांगड्या पावणेतीनच्या. गल्लीत विचारत फिरणे या वयात बरे दिसत नाही, एका घरी तर मला बघून दार लावून घेतले. शेवटी कळले की सव्वादोनचा हात आमच्या भिंतीपलीकडेच आहे. दाक्षायणी, माहेर अक्कलकोटकडचे, घरात कानडी बोलतात. तिचे आणि नागूबाईचे नऊ वर्षे बोलणे बंद होते. कारण एवढेच की दाक्षायणीने एकदा तिचे तिखट चाखून म्हटले होते, "मेथी जास्ती झाली की." त्या दिवसापासून नागूबाई तिच्या दारावरून जाताना पदर नाकाला लावायची.

मी जाऊन अडचण सांगितली. दाक्षायणी हात धुऊन आली. मी काटा घेऊन गेलो होतो. तिने धण्यांच्या पाच मुठी भरल्या: ३१, ३३, ३२, ३३ आणि ४० ग्रॅम. पाचवी मूठ आवळताना ती नागूबाईचे नाव घेऊन कानडीत काहीतरी म्हणाली. मला कानडी शिव्या सगळ्या येतात. त्यातली ती नव्हती. म्हणून पाचवी मूठ मी सरासरीत धरली नाही आणि धणे ३८७ ग्रॅम असे आपल्याला कळवले. खोबरे आणि तीळही तिच्याच मुठीने मोजून दिले. निघताना दाक्षायणी म्हणाली, "मेथी जास्त नव्हती ओ. मी उगीच बोलले." हे आपल्या नमुन्यात कुठल्या रकान्यात बसत नाही, तरी नोंद घ्यावी.

९. फाइल पूर्ण झाली. ८ ऑगस्टला आपले पत्र आले: 'सदर उत्पादन जागतिक कलांशी सुसंगत नसल्याने अपात्र. शिल्लक नमुना ३९० ग्रॅम, मुदतबाह्य म्हणून दि. २९ ऑगस्ट रोजी नष्ट करण्यात येईल.' अपात्र केल्याबद्दल आभार. तिला जगाशी सुसंगत व्हायचे नव्हते, माझ्याशी होताना तिला पुरे झाले होते. पण नष्ट करण्याचा अधिकार आपल्याला कुणी दिला, हे कळावे. आता तसे तिखट करणारी राहिलेली नाही. ती बरणी संपली की संपले.

१०. आता राहिलेल्या वजनाबद्दल. ६४० मधून ३९० गेले, उरले २५०. पाव किलो कुठे गेले, हे मला माहीत आहे. १२ ऑगस्टला दुपारी दीड वाजता मी आपल्या कार्यालयात आलो. जिन्यातच वास आला. सदतीस वर्षांचा वास आहे, मला चुकत नाही. आत शिवानंद टेबलावर कडक भाकरी मोडून, काळ्या तिखटावर तेल घालून खात होते. मला बघून त्यांनी ताटलीवर पेपर टाकला आणि भरल्या तोंडाने म्हणाले, "बसा की काका." मी बसलो. पेपरावर तेल उमटत होते. मी विचारले, "कसं हाय?" ते म्हणाले, "कशाचं काय?" त्यांच्या डोळ्यांतून पाणी येत होते आणि ते तिखटाचे होते. मी उठून आलो.

शिवानंद यांच्यावर कारवाई करू नये, ही विनंती. त्यांना मेमो देऊ नये, पगार कापू नये. सगळ्या तपासणीत त्यांची एकट्याचीच तपासणी बरोबर होती.

११. महोदय, नवीन तिखट झाले की नागूबाई पहिल्या दिवशी भाकरीवर तेल-तिखट घालून मला द्यायची आणि समोर बसून विचारायची, "कसं झालंय?" मी म्हणायचो, "वाढ." कधी म्हणायचो, "बरं हाय." एका वर्षी म्हणालो, "औंदा मीठ जास्त." सदतीस वर्षांत मी यापलीकडे गेलो नाही. चांगले होते, हे तिला कळत असेल असे मी धरून चाललो. खाणारा परत मागतो म्हणजे कळतेच की. तरी ती दर वर्षी विचारायची, त्यावरून कळत नसावे.

१२. सबब विनंती की,

एक, उरलेली बरणी हिंगाच्या खड्यासह मला परत द्यावी. मुदत संपली असली तरी चालेल. माझीही संपत आलेली आहे.

दोन, गेलेल्या पाव किलोबद्दल माझी तक्रार नाही. फक्त ज्यांनी खाल्ले त्यांनी एका ओळीत लेखी कळवावे की कसे होते. खरे लिहावे. त्यावर आपली सही आणि कक्षाचा गोल शिक्का मारून द्यावा. तो कागद मी बरणीत ठेवणार आहे. मी सांगितले असते तर तिचा विश्वास बसला नसता. सरकारी शिक्क्यावर तिचा विश्वास होता.

बरणीची वाट पाहणारा,

धोंडिराम केरबा सरवदे
(सही)

सोबत:
१) मृत्यूच्या दाखल्याची प्रत (आपल्याकडे तीन आहेत, ही चौथी).
२) कार्यशाळेचा बिल्ला, 'श्रीमती नागूबाई सरवदे, उद्योजिका'. परत नको.
३) बरणीच्या तोंडाला बांधायचे खाकी फडके, एक. मी बरणी न्यायला येईपर्यंत घट्ट बांधून ठेवावे. हवा लागली की वास उडतो.