डिस्प्लेची मशीन

४ फेब्रुवारी

विकली! आज पुन्हा माझी मशीन विकली!

माझी म्हणजे दुकानात काचेपुढे ठेवलेली, डिस्प्लेची. डाव्या अंगाला पोचा आलेली. ही आता घरी न्यायची, असं ह्यांनी सासूबाईंसमोर कबूल केलं होतं. सासूबाईंनी मोरीतल्या बादल्या हलवून जागासुद्धा करून ठेवली. आणि आज एक नवं जोडपं आलं, पोचा दाखवून किंमत कमी करून मागितली, की ह्यांचा चेहरा खुलला! मी मागून डोळे वटारतेय आणि हे खुशाल पावती फाडतायत.

आमच्या दुकानाचा कायदाच तो. घरासाठी नवी पेटी फोडायची नाही. डिस्प्लेची जुनी झाली की ती आपली. लग्न झाल्यापासून ऐकतेय. ती जुनी व्हायला आली रे आली, की बरोब्बर कुणीतरी तिला उचलून नेतं. साऱ्या गावाला धुलाईच्या मशिनी विकणारे आम्ही, आणि मी अजून पाटावर बसून चादरी बडवतेय. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

वर गिऱ्हाइकाला मीच सांगायचं — "ताई, माझ्या घरी हीच आहे, डोळे झाकून घ्या." दुकानात डेमो मी देते ना! आजही दिला. हसत हसत दिला.

५ फेब्रुवारी

ह्यांच्याशी बोलत नाहीये. जेवताना "मीठ दे" म्हणाले. दिलं. बस्स.

९ फेब्रुवारी

कंपनीचे साहेब आले होते. आमच्या भागाचे. तरुण आहेत, मला वहिनी म्हणतात, पण आज खुर्चीवर नीट टेकलेसुद्धा नाहीत. कंपनीने सगळ्या देशासाठी नवं धोरण काढलंय म्हणे. दोन टबांच्या साध्या मशिनी कमी करत न्यायच्या. आता पुढून दार उघडणाऱ्या, आपोआप सगळं करणाऱ्या मशिनी खपल्या पाहिजेत. ज्या दुकानात त्या खपत नाहीत त्यांची एजन्सी बंद.

"लोक आता फोनवरून मागवतात, वहिनी. नाहीतर हमरस्त्यावरच्या मोठ्या शोरूममध्ये जातात. तिथे थंडगार हवा, पोरांना फुगे..."

हे म्हणाले, "अहो साहेब, इथे नळाला पाणी तासभर. दोन टबांच्या मशिनीत बाई बादलीने पाणी ओतते, तेच पाणी पुन्हा वापरते. पुढच्या दाराच्या मशिनीत कुठून ओतणार?"

"मला पटतं हो दादा. पण वरच्यांना कोण पटवणार? मार्चअखेरपर्यंत एखादी मोठी ऑर्डर दाखवा. मग मी भांडतो तुमच्यासाठी."

ते गेल्यावर हे फडकं घेऊन मशिनी पुसत बसले. पुसलेल्याच पुन्हा पुसल्या. माझा राग कुठल्या कुठे गेला. एजन्सी गेली तर दुकानात ठेवायचं काय? ह्यांना दुसरं काही येत नाही. मला तरी कुठे येतं!

१६ फेब्रुवारी

देव पावला! मुलींच्या वसतिगृहाच्या वॉर्डनबाई आल्या होत्या. प्रत्येक मजल्यावर एक मशीन हवी, आणि तीही पुढच्या दाराचीच. कडक बाई. चष्मा साखळीला अडकवलेला, नजर अशी की आपण न केलेली चोरीही कबूल करावी. मी डेमो रंगवून रंगवून दिला आणि शेवटी सवयीने म्हणून गेले — "माझ्या घरी हीच आहे."

"छान. मग घरीच येते बघायला. दुकानात काय, सगळंच चांगलं दिसतं. रविवारी सकाळी."

जळ्ळी माझी जीभ! त्यांच्या पाठीमागे उभ्या असलेल्या ह्यांच्या तोंडचं पाणीच पळालं.

१७ फेब्रुवारी

ठरलं. दुकानातली डिस्प्लेची पुढच्या दाराची मशीन घरी आणायची. "रविवारपुरती," हे म्हणाले. रविवारपुरती! मला ऐकायलाच नको होतं ते.

खोटं पाठ करून झालं. मशीन तीन वर्षांची. सासूबाई म्हणाल्या, "मला ते जमायचं नाही बाई, माझ्या तोंडावर दिसतं. मी आपली शेजारी जाऊन बसेन." सगळ्यांच्याच जिवात जीव आला.

१८ फेब्रुवारी

आली! टेम्पोतून उतरली तेव्हा शेजारणीने विचारलंच, "अगंबाई, तुमच्याकडे नव्हती?"

ह्यांनी पाइप जोडले. एरवी हे काम कंपनीचा मेकॅनिक करतो, पण त्याला कुठल्या तोंडाने बोलावणार? मी तिला जुनी करायला घेतली. दाराच्या रबरावर साबण वाळवला. वर पावडरीचं अर्धं पाकीट आणि एकुलता एक मोजा टाकून ठेवला. दुकानात जन्मभर जुन्याला नवं दाखवायची धडपड केली, घरी उलटी गंगा.

चांगली दिसते मोरीत. फार चांगली दिसते.

१९ फेब्रुवारी, रविवार

पितळ उघडं पडलं. पण कसं पडलं ते लिहिलं नाही तर मला झोप लागायची नाही.

वॉर्डनबाई वेळेवर आल्या. मोजा बघितला, पावडर बघितली. "वापरातली दिसते."

"तीन वर्षं झाली," मी म्हटलं. जीभ जरासुद्धा अडखळली नाही.

चादरी घातल्या, दार लावलं, पाणी भरलं. आतलं पिंप मस्त फिरायला लागलं. वॉर्डनबाई शांतपणे बघतायत, हे हात मागे बांधून मान डोलावतायत. सगळं झकास! इतक्यात दारातून सासूबाईंचा आवाज. शेजारीण बाहेर गेली म्हणून परत आल्या होत्या. "अहो बाई, चपला बाहेर काढा हो, घरात नवी वस्तू आलीय!"

आणि नेमकं तेव्हाच मशीनने कपडे पिळायला घेतले.

आधी नुसती थरथरली. मग नाचली. मग भिंत सोडून सरळ वॉर्डनबाईंच्या दिशेने निघाली! हे धावले, तिला मिठी मारली, तर ह्यांनाही ओढत घेऊन चालली. पाइप निसटला, पाणी उडालं, बादली गडगडत गेली. मी नुसतीच "अहो, अहो!" सासूबाई ओरडल्या, "अरे, वीज बंद करा!" आणि कुणी करेना म्हणून त्यांनीच केली.

कारण ऐकून गिऱ्हाईक हसेल. कारखान्यातून निघताना पिंप हलू नये म्हणून मशीनच्या पाठीला लांब बोल्ट लावलेले असतात. घरी बसवताना मेकॅनिक ते आधी काढतो. डिस्प्लेची कधी चालवायचीच नसते, डेमो नुसता तोंडी, म्हणून तिचे तसेच राहतात. ह्यांनी उभ्या आयुष्यात इतक्या मशिनी विकल्या, पण ते बोल्ट कधी स्वतः काढले नव्हते. आठवणार कुठून?

वॉर्डनबाई ओल्या पायांनी स्टुलावर बसल्या. आता उठून जातील, असं मला वाटलं. त्या म्हणाल्या, "हात दाखवा."

दाखवले. बोटांच्या भेगा, सोलवटलेली पेरं.

"मशीन वापरणाऱ्या बाईचे हात असे नसतात. दुकानातच कळलं होतं मला."

"मग आलात कशाला?" माझ्या तोंडून गेलंच.

"बघायचं होतं, काय करता ते!" आणि त्या हसायला लागल्या. अशा हसल्या की चष्मा साखळीवर लोंबायला लागला. सासूबाईही हसल्या. ह्यांना हसावं की रडावं ते कळेना. "आता काढा ते बोल्ट. मी बसलेय."

मी मशीनचं पुस्तक वाचून सांगत गेले, हे पान्याने काढत गेले. मशीन पुन्हा लावली. सासूबाईंनी वर पाण्याने भरलेला पेला ठेवला — एक थेंब सांडला नाही.

जाताना वॉर्डनबाई म्हणाल्या, "समितीकडे तुमचंच नाव देते. एक अट आहे. ही मशीन ह्या घरातून जायची नाही. मी केव्हाही येऊन बघेन."

ह्यांनी मान डोलावली. लहान मुलासारखी!

२० फेब्रुवारी

मोरीत स्टूल टाकून बसले आणि गोल फिरणारे कपडे बघत राहिले. काम होतं ढीगभर. पण उठवेना. हातांना काय करावं ते सुचत नव्हतं. सासूबाई म्हणाल्या, "बस गं. मीही बसते." दोघी बसलो.

६ मार्च

वॉर्डनबाई दुकानात आल्या. बसल्या नाहीत. वसतिगृहाच्या समितीने मशिनी परस्पर कंपनीकडून मागवल्या. फोनवरून, घसघशीत सूट घेऊन. "मी भांडले हो. पण समितीत माझं एकटीचं मत." माझ्या हातांसाठी मलम आणलं होतं त्यांनी. हे त्यांना पायरीपर्यंत सोडायला गेले, काही वाकडं बोलले नाहीत. मलाही त्यांचा राग येईना. त्याचाच राग आला.

७ मार्च

आमचीच कंपनी, आमचंच गिऱ्हाईक, आणि मधून आम्हीच गायब!

३१ मार्च

एजन्सी गेली.

साहेब स्वतः सांगायला आले. "पाटी उतरवायला माणसं येतील. त्याआधी माझ्या तोंडून कळावं असं वाटलं, दादा." त्यांचीही बदली झालीय. डिस्प्लेच्या मशीनचं विचारलं, तर म्हणाले, "वापरलेली कंपनी परत घेत नाही. राहू द्या, वहिनी." तेलही गेलं, तूपही गेलं, हाती आलं धुपाटणं. आमचं धुपाटणं निदान कपडे तरी धुतं.

रात्री जेवताना मीच म्हटलं, "अहो, ही मशीन विकून टाका. थोडे दिवस भागेल."

हे ताटाकडे बघत म्हणाले, "नाही. ही विकायची नाही."

आजवर ह्यांनी कुठलीही मशीन विकायला नाही म्हटल्याचं मी ऐकलं नव्हतं. उठून मोरीत गेले आणि पोटभर रडले.

११ एप्रिल

दुकान रिकामं करून दिलं. हे घरी असतात. पहिले दोन दिवस भिंतीकडे बघत बसले. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "कपडे कुठायत?" आता धुण्याचं खातं त्यांच्याकडे! चष्मा लावून पुस्तक वाचतात, पांढरे वेगळे, रंगीत वेगळे करतात, आणि तरीही आमच्या सगळ्या उशांचे अभ्रे गुलाबी केले. मला मोरीत येऊ देत नाहीत. "तुझे हात बरे होऊ देत आधी." सासूबाई कपाळाला हात लावून बसल्यात — "ह्याने जन्मात रुमाल धुतला नव्हता गं!"

भेगा भरत आल्यात.

१८ एप्रिल

मोठ्या शोरूममध्ये माणूस हवाय असं कळलं. ह्यांनी कपाटातला ठेवणीतला शर्ट काढला, स्वतः इस्त्री केली. "तू चल. बाहेर थांब हवं तर." चौकात पोहोचल्यावर म्हणाले, "आतच चल."

मॅनेजर वयाने आमच्या भाच्याएवढा. पण अदबीने बोलला. एक बाई मशीन बघत उभी होती, तो म्हणाला, "काका, ह्यांना जरा दाखवता?" हे सुरू झाले ते एकदम मोटरपासून. मोटर, पट्टा, फेरे. बाई घड्याळ बघायला लागली. ह्यांना ते कळलं, आणि कळलं तसा आवाज आणखी बारीक झाला. माझ्याकडे बघितलं त्यांनी.

मला राहवेना. म्हटलं, "ताई, घरात माणसं किती? पाणी कधी येतं? धुणं वाळत कुठे घालता?" बाई बोलायलाच लागली! सासऱ्यांचं अंथरूण रोज धुवावं लागतं, ते बोलताना तिचे डोळे भरले. मी तिला सांगितलं, ही मोठी नको, पलीकडची घ्या, चादरीला पुरते आणि पाणी कमी लागतं. तिने तीच घेतली.

येताना हे खुशीत. "बरं झालं तू होतीस. काम झालं बघ माझं!" मग म्हणाले, "सुट्टीच्या दिवशी मात्र धुणं मीच लावणार. तू हात लावायचा नाहीस."

२२ एप्रिल

शोरूममधून फोन आला. सोमवारपासून या म्हणाले.

ह्यांना नाही. मला.

आनंद झालाय, खूप झालाय, काय लपवायचं! हे वर गच्चीत कपडे वाळत घालतायत, शीळ घालत. मी जिन्याच्या पहिल्या पायरीवर बसलेय. वर जाऊन ह्यांना सांगायचंय, पण पाय उचलत नाहीत.