दादा मला ‘तुमी’ म्हणाला

मंगळवार, बारामती

आज उपनिबंधकांकडं निकाल लागला. आबांच्या फ्लॅटचं सोसायटीतलं सभासदत्व माझ्या नावावर होणार. वडिलांना शेवटच्या आजारपणात मीच सांभाळलं, म्हणून नॉमिनीही त्यांनी मलाच केलं होतं. दादानं त्यावर हरकत घेतली होती. मी जिंकले म्हणायचं का आता?

बाहेर पायरीवर दादा चपला घालत होता. मी म्हटलं, “दादा, घरी चल. जेवून जा.”

माझ्याकडं न बघताच म्हणाला, “न्हाय. तुमी जावा. मला कळसची एसटी गाठायची हाय.”

तुमी! जन्मापासून मला ‘ए बारके’ अशी हाक मारणारा माझा भाऊ. त्यापेक्षा चार शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

आणि मी? कसं तोंडातून गेलं कळलंच नाही. मीही म्हणाले, “सावकाश जावा.”