मुद्दा क्रमांक एक

प्रिय बारके,

सात महिन्यांनी लिहितोय, तेही आपल्या दोघांच्या मधे कोर्ट उभं असताना. तुझ्या वकिलाला हे पत्र दाखवायचं असेल तर खुशाल दाखव.

मंगळवारी तुझ्या बाजूचा अर्ज हातात पडला. भावा-बहिणीच्या रक्ताची तपासणी करावी म्हणे! लेथ बंद केला आणि तिथेच स्टुलावर बसून तीनदा वाचला. पहिल्यांदा नुसता संताप आला. दुसऱ्यांदा त्यात माझं वय एका वर्षाने चुकलेलं सापडलं, तेव्हा जरा बरं वाटलं. तिसऱ्यांदा काही बरं वाटलं नाही.

हे झालं कसं ते ऐक. दुसऱ्या तारखेलाच मी माझ्या वकिलाला नारळ दिला. त्या गृहस्थाला आपल्या घराचा जिना आतून आहे की बाहेरून, एवढंही सांगता येईना. मग कायद्याचं पुस्तक आणलं, चार वेळा वाचलं आणि तुझ्या दाव्याला उत्तर स्वतः लिहिलं. मशीनबरोबर आलेलं माहितीपुस्तक वाचून लेथ शिकलेल्या माणसाला हे काय जड? पुस्तकात स्वच्छ म्हटलंय की समोरच्याचं जे म्हणणं तुम्ही नाकारत नाही, ते तुम्हाला कबूल आहे असं धरतात. आणि एकाने म्हटलेलं दुसऱ्याने नाकारलं, की त्यावर कोर्ट मुद्दा काढतं. म्हणजे काय सिद्ध करायचं आणि कुणी करायचं, ते ठरवून देतं. म्हणून मी काहीच सुटू दिलं नाही. ‘दाव्यातील कलम एक ते नऊमधील मजकूर खोटा, खोडसाळ व नाकबूल.’ वाक्य कसं खणखणीत वाटलं होतं! कलम दोनमध्ये तू बाबांची मुलगी आणि माझी सख्खी बहीण आहेस, एवढंच होतं. केसाएवढा फरक दिसला तरी माल परत पाठवणारा मी, आणि नेमकं तेच माझ्या नजरेतून सुटलं.

मुद्दे पाच निघाले. घर बाबांनी स्वतःच्या कमाईतून बांधलं का, ते मला लिहून दिल्याचा कागद खरा का, तुझा दावा मुदतीत आहे का, आणि शेवटी नेहमीचा, हुकूम काय. पण या सगळ्यांच्या डोक्यावर मुद्दा क्रमांक एक: ‘वादी ही मयताची मुलगी आहे, हे ती सिद्ध करते काय?’ मागच्या बाकावरचा एक म्हातारा फिस्सकन हसला. अरे, हसताय काय! आणि तुझ्या वकिलाला तरी कळू नये? उठून म्हणायचं होतं, दोघांची नाकं बघा आणि पुढच्या मुद्द्यावर चला. पण नाही. त्याला काम मिळालं ना!

त्यानंतर तुझे काय हाल चाललेत ते मला कळतं. जन्मनोंदीचं पुस्तक भिजून पानं चिकटलेली, शाळेच्या दाखल्यात बाबांचं नाव एका अक्षराने चुकलेलं, आणि ज्या सुईणबाईंकडे तू तीन चकरा मारल्यास, त्यांना आता स्वतःचा मुलगाही ओळखू येत नाही. हे सगळं तुझ्या वहिनीकडून कळलं. ती म्हणाली, कागद नाकारता नाकारता माणूस नाकारलंत, केवढे हो हुशार! त्या दिवसापासून ताट वाढते, पण बोलत नाही.

नजरेतून सुटलं असं मी वर लिहिलंय. ते अर्धंच खरं आहे. मुद्दे काढण्याआधी न्यायाधीशबाईंनी चष्मा काढून मला विचारलं होतं, नीट वाचून नाकारताय ना, कलम दोनसुद्धा? तू दाराजवळच्या बाकावर होतीस, तुला ऐकू गेलं की नाही कोण जाणे. चूक माझ्या ध्यानात आली ती तेव्हाच. तेव्हाच, बारके. पण सगळे वकील माना वळवून बघत होते, हा बिनवकिलाचा लेथवाला आता काय बोलतो म्हणून. मी म्हणालो, जे लिहिलंय ते विचार करूनच लिहिलंय.

तुझ्या जन्माच्या वेळी मी नऊ वर्षांचा होतो. घड्याळ वाचायला नुकतंच माझं मीच शिकलो होतो, म्हणून वेळ पक्की आठवते: दुपारचे चार वाजून वीस मिनिटं. बाबा डॉक्टरांना आणायला गेले होते. सुईणबाईंनी तुला गुंडाळून आधी माझ्याच हातात दिलं आणि म्हणाल्या, मान सांभाळ रे. बाबा पोचेपर्यंत मी जागचा हललो नव्हतो.

येत्या तारखेला मी अर्ज देतोय. कलम दोन मला कबूल आहे आणि आधी ते मी जाणूनबुजून नाकारलं, असं त्यात लिहिलंय. ‘जाणूनबुजून’ लिहू की ‘नजरचुकीने’, यात चार दिवस गेले. ‘नजरचुकीने’ असं लिहिलं असतं तर निभावलं असतं. आता तुझा वकील उलटतपासणीत मला सोलून काढेल, की एकदा खोटं बोललेला माणूस घराच्या कागदाबद्दल खरं कशावरून बोलतोय? काढू दे. कोर्टाचा शिक्का मारलेली नक्कल तुझ्या हातात पडण्याआधी तुला हे माझ्याकडून कळावं, म्हणून लिहिलं. सुईणबाईंकडे आता जाऊ नकोस. आणि रक्त द्यायलाही जाऊ नकोस. सुई बघून तुला भोवळ येते, हे मला कुठल्याही दाखल्याशिवाय माहीत आहे.

तुझाच,
बाकीच्या चार मुद्द्यांवर तुझ्याविरुद्ध उभा राहणारा,
दादा