पाच ते सहाचा तास

मी, खाली सही करणारी, वय एकोणसत्तर, धंदा मूर्तविद्या, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, कुणीही कानाशी लागलेलं नसताना, स्वतःच्या हाताने लिहिते. डॉक्टरांनी मला दोन महिने दिले होते. त्यातले सतरा दिवस गेले.

वकीलसाहेबांना पहिली सूचना. मृत्युपत्र माणूस गेल्यावर वाचतात, एवढं मलाही कळतं. हे मात्र आजच, मी जिवंत असताना, माझ्या मुलीच्या हातात नेऊन द्यायचं. आईची तीन पत्रं तिने न फोडता परत पाठवली. वकिलाचा लखोटा फोडेल.

१. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: मूर्तविद्या म्हणजे मनात एखादी वस्तू इतकी घट्ट धरायची, की ती हाताला लागते. कुठेच न मिळणारं बटण, जुन्या शिलाई मशीनचं दातेरी चाक, हरवलेली किल्ली, हेच मी दुकानात बसून जन्मभर केलं. अशी वस्तू करणाऱ्याच्या हयातीपुरती टिकते. करणारा गेला की तीही जाते. तशी पाटीच लावली होती मी, पण वाचतो कोण! तेव्हा वीस वर्षं सांडपाण्यावरून माझं डोकं खाणाऱ्या शेजारीणबाईंनी चष्म्याची दांडी वेळीच बदलून घ्यावी. आणि वकीलसाहेब, तुमच्या कवळीतला पुढचा दातही माझाच आहे. माझ्या शोकसभेत बोलायचं असेल तर आधी दंतवैद्य गाठा.

२. राहतं घर, दुकान आणि बँकेत औषधपाणी भागून जे उरेल ते, सगळं माझ्या मुलीचं. त्याला अट नाही. अट घातली तर ती हट्टाने येणार नाही. माझ्यावरच गेली आहे.

३. धाकट्या भावाला बैठकीतलं घड्याळ. आमच्या आईची दोन वर्षं उठबस मी केली आणि हा शेवटच्या दिवशी येऊन सगळ्यांत मोठ्याने रडला. घड्याळ वीस मिनिटं मागे चालतं. दोघांचं जमेल.

४. माझ्या गुरुबंधूला विद्येला बसायचं बुटकं स्टूल, कानात घालायचे कापसाचे बोळे, आणि माफी. एकतीस वर्षांपूर्वी तो मला म्हणाला होता, "अगं, ज्यावर कुणाचा भार पडेल असं काही करायचं नाही, हा आपला पहिलाच धडा. उद्या तू गेलीस तर पोरीचं काय?" मी त्याला दुकानातून हाकलून दिलं. तो बरोबर होता. हे लिहायला जड जातं आहे, पण लिहिते.

५. आता तुझ्याशी बोलते, पोरी. वकिली भाषा पुरे झाली.

सात वर्षांची असताना तू जिन्यावरून पडलीस. फक्त हात मोडला होता, असं आम्ही तुला सांगितलं. खोटं सांगितलं. तुझ्या मानेतलं एक हाड चुरलं होतं. डॉक्टरांनी एक्स-रेचा फोटो उजेडाला धरून मला दाखवला आणि हात वर केले. मी तुझ्या उशाशी बसले आणि ते हाड मनात धरलं, पहाटे पाच ते सहा. सहाला तू पाणी मागितलंस. दुसऱ्या फोटोत हाड अखंड दिसलं, तेव्हा त्यांनी पहिल्या फोटोलाच नावं ठेवली.

बटण एकदा केलं की झालं. जिवंत अंगातली वस्तू रोज एक तास नव्याने धरावी लागते, आणि मध्ये खंड पडला तर ती सुटू लागते. म्हणून रोज पाच ते सहा माझं दार बंद असायचं. तुला कळलं असतं तर तू जन्मभर मानेला हात लावून बसली असतीस. तुझ्या बाबांचंही हेच मत होतं.

अकरा वर्षांपूर्वीची ती सकाळ. साडेपाचला बाबांना धाप लागली. तू दार बडवत होतीस, "आई, बाबा बघ कसं करतायत! ऊठ ना गं!" मी सगळं ऐकलं. त्यांचाही आवाज ऐकला. ते म्हणत होते, "उठू नकोस, उठू नकोस." तुला वाटलं भ्रमात बडबडतायत. ते मला सांगत होते. मी दार उघडलं तेव्हा सगळं संपलं होतं. तू म्हणालीस, "दगड आहेस तू." मला तो माणूस फार हवा होता गं. अजून हवा आहे.

मी गेले की ते हाडही जाईल, म्हणून त्याजागी धातूचं बसवता येईल का विचारायला तुझा दुसरा फोटो घेऊन मी दोन मोठ्या डॉक्टरांकडे जाऊन आले. दोघंही तेच म्हणाले, "आजी, हाड ठणठणीत आहे. चांगली मान कोण कापणार?" गुरुबंधूने गेल्या आठवड्यात ते हाड धरून पाहिलं. त्याला जमलं नाही. ते अंग जिने पोटात वाढवलं तिला, नाहीतर ज्याचं अंग त्यालाच ते जमतं.

६. म्हणून माझा पाच ते सहाचा तास मी माझ्या मुलीला देते. स्वतःचं हाड स्वतः धरायला शिकायला चाळीस दिवस लागतात. माझ्याकडे त्रेचाळीस आहेत, तेही डॉक्टरांचा अंदाज खरा निघाला तर. माझ्याशी बोलू नकोस, आई म्हणू नकोस, नुसती शेजारी येऊन बस. उद्यापासून दार उघडं ठेवते आहे.

साक्षीदार पहिला: गुरुबंधू. सहीशेजारी "मी म्हणालो होतो" असं लिहायचा त्याचा हट्ट होता, मी लिहू दिलं नाही.

साक्षीदार दुसरी: इंजेक्शन द्यायला येणारी नर्स. मजकूर वाचला नाही म्हणते, पण डोळे पुसत होती.

सही: माझीच.

ठिकाण: मागची खोली.

दिनांक: सतरावा दिवस, सकाळचे आठ. आजचा तास झाला, पण मध्ये मिनिटभर माझा डोळा लागला. आज उठताना तुझी मान दुखली का गं?