तुळस छान आहे

बाड हॉम्बुर्ग, १४ मार्च

ती. ताईस नमस्कार. आईलाही माझा वाकून नमस्कार सांग.

आम्ही मजेत. प्रद्युम्न ऑफिसच्या कामात, मी घरीच. ओवी आता माझ्याशी जर्मनमध्ये भांडते. आईचा गुडघा कसा आहे?

खालच्या त्स्वेताना आजींकडे मी रोज चहाला जाते. दुसरीकडे कुठे जाणार? आमचं दोघींचंही जर्मन मोडकंच, म्हणून जमतं. त्या बल्गेरियाच्या. तिकडे त्यांनी अकरा सिनेमे लिहिले, दोन कादंबऱ्याही. म्हातारपणी मुलीने इथे आणलं. सांगत होत्या, तिकडे कम्युनिस्ट राजवट होती तेव्हा सिनेमातली बाई 'माझा जीव गुदमरतोय' म्हणाली, की सरकारी साहेब ते वाक्य कापायचे. मग आजी तिच्या तोंडी घालायच्या, 'यंदा सफरचंदं छान लागलीत.' साहेब खूश व्हायचे, आणि थिएटरातल्या बायका रुमाल काढायच्या.

मी म्हटलं, आजी, हे मलाही येतं.

ताई, आता पुढचं आईला वाचून दाखवू नकोस. माझी जुनी पत्रं काढ. प्रत्येकाच्या शेवटी मी लिहिलंय, गॅलरीतली तुळस छान आहे. ती इथल्या थंडीत पहिल्याच डिसेंबरात गेली.

तुझी,
अपूर्वा