पल्लवी गप्प राहिली

रविवार, संध्याकाळ

"काय मग, मुलगा पसंत आहे ना?" पाहुण्या बाईंनी विचारलं आणि पल्लवी गप्प राहिली. माझं सगळं तिथेच बदललं.

तिचा भाऊ माझा दोस्त. खुर्च्या लावायला त्यानेच मला धरमपेठेतल्या त्यांच्या घरी बोलावलं होतं. पल्लवीच्या मावशी हसून तिच्या आईला म्हणाल्या, "लाजली वं ताई, पोरगी! गप आहे म्हणजे हो आहे." लगेच पेढे फिरले. मलाही एक. मी तो खिशात टाकला.

मागे तर्री-पोह्यांच्या गाडीवर तिनेच मला एक इंग्रजी शब्द सांगितला होता, ऑबम्यूटेसन्स. ती इंग्रजीत एमए करते, मी कॉलेज अर्ध्यात सोडलेला. "एक अर्थ वाचा जाणं, दुसरा हट्टानं तोंड बंद ठेवणं. जुन्या पुस्तकांतच भेटते, आता कोणी वापरत नाही."

"मंग मले काहून सांगून राहिली?"

"तू बहुत बोलतो गा, म्हणून."

मग आज तिचं काय होतं? वाचा गेली की हट्ट? हट्टच असणार. की मीच स्वतःला फसवतोय? आणि मी, बहुत बोलणारा, तिथे का मुका झालो? थू!

घरी आलो तरी पेढा अजून खिशात आहे, चुरा झालाय. परत धरमपेठेत जाऊन तो मावशींच्या हातात ठेवतो आणि सगळ्यांसमोर तिलाच विचारतो. तिने तोंडाने हो म्हटलं, तर तोच पेढा तिथेच उभा राहून खाईन.

चप्पल घातली. निघालो, दार ओढून घेतो.